इनोकी, अंतोनियो

इनोकी, अंतोनियो : (२० फेब्रुवारी १९४३–१ ऑक्टोबर २०२२). जपानी व्यावसायिक कुस्तीगीर, ‘न्यू जपान प्रो-रेसलिंग’ या कुस्तीसंस्थेचा संस्थापक व संसदसदस्य. मूळ नाव कान्जी इनोकी. जपानी व्यावसायिक कुस्तीला तेथे ‘पुरोरेसु’ म्हणतात. तिच्यात लढतीचा निकाल बहुधा आधीच ठरलेला असतो. आपल्याकडे ‘नुरा कुस्ती’ म्हणजे प्रेक्षकांची फसवणूक. पुरोरेसुत मात्र हा संकेत प्रेक्षकही कमीअधिक जाणतात आणि कौशल्य ते लढतीच्या रंगण्यात पाहतात. इनोकीची गोष्ट वेगळी ठरते ती एवढ्यासाठी, की आपली कुस्ती हीच सर्वांत बलाढ्य लढाई आहे असा दावा त्याने केला आणि तो सिद्ध करण्यासाठी काही लढती निकाल न ठरवता लढल्या. अशा लढती नेमक्या किती, यावर एकमत नाही.

त्याचा जन्म योकोहामा शहराच्या त्सुरुमी भागात, अकरा भावंडांच्या कुटुंबात झाला. तो पाच वर्षांचा असताना वडील वारले. १९५७ मध्ये कुटुंब ब्राझीलला स्थलांतरित झाले. आजोबा वाटेतच, जहाजावर निवर्तले. तेथे कान्जी कॉफीच्या मळ्यात राबला. थाळीफेक व गोळाफेक यांतही त्याने नाव मिळवले. १९६० मध्ये ब्राझीलच्या दौऱ्यावर आलेल्या रिकिदोझानच्या नजरेत हा सतरा वर्षांचा मुलगा भरला आणि तो त्याला आपल्याबरोबर जपानला घेऊन गेला.

रिकिदोझान हा जपानी व्यावसायिक कुस्तीचा खरा प्रवर्तक. मूळचा कोरियन, पूर्वाश्रमीचा सुमो मल्ल. १९५५ मध्ये त्याने किंगकाँगला हरवून आशियाई अजिंक्यपद मिळवले. हा किंगकाँग म्हणजे आपल्याकडील जुन्या पिढीला दारासिंगचा प्रतिस्पर्धी म्हणून ठाऊक असलेलाच मल्ल. इनोकी रिकिदोझानचा शिष्य आणि अंगावरचा नोकरही होता. ३० सप्टेंबर १९६० रोजी टोकिओत तो पहिल्यांदा व्यावसायिक आखाड्यात उतरला व कोरियन मल्ल किम इल (जपानी नाव किन्तारो ओकी) याच्याकडून हरला. त्याच दिवशी त्याचा गुरुबंधू जायंट बाबा यानेही पदार्पण केले आणि तो जिंकला. पुढची चार दशके या दोघांच्या तुलनेत गेली.

‘अंतोनियो’ हे नाव त्याने १९६२ मध्ये धारण केले. इटलीत जन्मलेला व अर्जेंटिनात वाढलेला कुस्तीगीर अंतोनिनो रोक्का याच्यावरून ते घेतले, हे मत सर्वाधिक प्रचलित आहे आणि तेच ग्राह्य वाटते. नाव सुचवण्याचे श्रेय सहसा ज्येष्ठ मल्ल तोयोनोबोरी याला देतात. केवळ ब्राझीलमधील वास्तव्यामुळे हे लॅटिन नाव पडले, असेही लिहिलेले आढळते. मात्र ब्राझीलमध्ये पोर्तुगीज बोलली जाते आणि तेथे त्याला अंतोनियो म्हणत असल्याचा पुरावा पुढे आलेला नाही.

रिकिदोझान डिसेंबर १९६३ मध्ये चाकूहल्ल्यातील जखमेने मरण पावला. त्यानंतर इनोकीने अमेरिकेत काही काळ कुस्त्या केल्या, परत येऊन तोयोनोबोरीबरोबर काढलेली संस्था बुडाली, मग तो रिकिदोझानने काढलेल्या मूळ संस्थेत परतला आणि बाबाच्या जोडीने लढू लागला. १९७१ च्या अखेरीस संस्था ताब्यात घेण्याचा कट केल्याच्या आरोपावरून त्याला काढून टाकण्यात आले. जानेवारी १९७२ मध्ये त्याने ‘न्यू जपान’ स्थापन केली. तिच्या ६ मार्च १९७२ च्या पहिल्या कार्यक्रमातील प्रमुख कुस्ती इनोकी खुद्द हरला, ती कार्ल गॉचकडून.

गॉच (जन्म अँटवर्प, १९२४) याचे इनोकीवरील ऋण मोठे आहे. इंग्लंडमधील विगन गावी बिली रायलीच्या तालमीत तो ‘कॅच’ पद्धतीची कुस्ती शिकला होता. प्रतिस्पर्ध्याला चीत करण्याइतकेच त्याचा सांधा पिळून त्याला शरण आणणे, हे या पद्धतीचे वैशिष्ट्य. जपानी कुस्तीगीर त्याला ‘देव’ म्हणत. न्यू जपानच्या तालमीत नव्या पोरांकडून शेकड्यांनी बैठका काढून घेत. त्यांना तेथे ‘हिंदू स्क्वॅट’ म्हणतात, आणि सपाट्यांना ‘हिंदू पुश-अप’. हा व्यायाम जपानात कोणत्या वाटेने पोहोचला, याविषयी दोन मते आहेत. एका मतानुसार तो रिकिदोझानच्या तालमीतच चालत होता. दुसऱ्या मतानुसार त्याला शिस्त व प्रतिष्ठा गॉचने दिली. दोन्ही विधाने एकाच वेळी खरी असू शकतात. गॉच स्वतः करेल (जड लाकडी मुद्गल) फिरवत असे व भारतीय मल्लांच्या मेहनतीचा उघड प्रशंसक होता. जोर-बैठका, करेल ही आपल्या तालमीतील नित्याची सामग्री असल्याने तिचे वर्णन येथे करण्याचे कारण नाही.

इनोकीचे दोन डाव विशेष गाजले. ‘मान्जी-गातामे’ हा उभ्याने घालायचा पेच : प्रतिस्पर्ध्याच्या पायात पाय अडकवून, दुसरा पाय त्याच्या मानेवर टाकून, त्याचा हात वर ओढायचा. इंग्रजीत याला ऑक्टोपसचे नाव मिळाले. दुसरा ‘एन्झुइगिरी’, म्हणजे उडी घेऊन मानेच्या मागे, मेंदूच्या बुडाशी मारलेली लाथ. एन्झुइ म्हणजे लंबमज्जा. शरीरशास्त्रातील संज्ञा कुस्तीच्या डावाला मिळाल्याचे हे दुर्मिळ उदाहरण होय.

नव्या संस्थेला प्रेक्षक मिळवून देण्यात पंजाबात जन्मलेल्या व कॅनडात स्थायिक झालेल्या टायगर जीत सिंग याचा वाटा मोठा होता. नोव्हेंबर १९७३ मध्ये टोकिओच्या शिंजुकू भागात, भर रस्त्यात, पत्नीसह खरेदीला निघालेल्या इनोकीवर त्याने हल्ला केला. पोलीस आले, वृत्तपत्रे भरली. हा बनाव होता का, हा प्रश्न तेव्हाच विचारला गेला. परिणाम पाहता तो तसा असावा, असे मानणाऱ्यांची संख्या आता अधिक आहे. पुढच्या वर्षी ओसाका येथे इनोकीने टायगरचा हात मोडल्याचे दाखवले गेले. डिसेंबर १९७५ मध्ये विगनच्याच परंपरेतील बिली रॉबिन्सनशी एक तास चाललेली बरोबरीची कुस्ती ही शुद्ध डावपेचांच्या दृष्टीने त्याची सर्वोत्तम समजली जाते.

१९७६ हे वर्ष या चरित्राचे केंद्र होय. फेब्रुवारीत त्याने म्युनिक ऑलिंपिकमधील ज्यूदोची दोन सुवर्णपदके जिंकलेल्या विलेम रुस्का याला हरवले. हा निकाल ठरलेला होता, याबद्दल आता फारसा वाद नाही. २६ जून रोजी टोकिओच्या निप्पॉन बुदोकानमध्ये तो तत्कालीन जगज्जेता मुष्टियोद्धा मुहंमद अली याच्याशी लढला. तीन-तीन मिनिटांच्या १५ फेऱ्या, पंच जीन लबेल. इनोकी जवळजवळ सर्व वेळ पाठीवर वा कुशीवर पडून अलीच्या पायांवर लाथा मारत राहिला, आणि अली त्याला उभा राहा म्हणून आव्हान देत फिरत राहिला. अलीने मारलेले ठोसे हाताच्या बोटांवर मोजण्याइतके. लाथांची गणती ज्याने त्याने वेगळी केली असून शंभराच्या पुढचा आकडा बऱ्याच ठिकाणी आढळतो. लढत बरोबरीत सुटली. गुणपत्रके अशी : लबेल ७१–७१, मुष्टियुद्धाचा जपानी निर्णायक तोयामा ७२–६८ इनोकीकडे, कुस्तीचा जपानी निर्णायक एन्दो ७४–७२ अलीकडे. म्हणजे मुष्टियुद्धवाल्याने मल्लाला आणि कुस्तीवाल्याने मुष्टियोद्ध्याला झुकते माप दिले. इनोकीचे तीन गुण नियमभंगाबद्दल वजा झाले होते. ते झाले नसते तर तो जिंकला असता.

वाद आहे तो नियमांचा. अलीच्या बाजूने ऐनवेळी अटी घालून पकडी, फेकी व उभ्याने मारायच्या लाथा बंद करवल्या, एक गुडघा जमिनीवर असल्याशिवाय लाथ मारता येणार नाही असे ठरले, आणि हे सारे गुप्त ठेवले गेले, ही इनोकीच्या गोटातून पसरलेली हकीकत पुष्कळ वर्षे प्रमाण मानली गेली. अलीकडील जपानी लेखकांनी ती तपासून पाहिली आहे. त्यांचा कल असा, की नियम कडक होते, पण सर्वस्वी गुप्त नव्हते. आणि इनोकी पडून राहिला तो नियमांइतकाच अलीच्या ठोशांच्या धाकाने व पूर्वनियोजित डावपेच म्हणून. हे मत अधिक सयुक्तिक दिसते. अलीच्या बाजूचे लोक प्रदर्शनीय लढतीच्या अपेक्षेने आले व इनोकी खरी लढत मागत राहिला, असेही सांगतात. त्यातील तपशील साक्षीदारागणिक बदलतो. अलीच्या पायांत रक्ताच्या गुठळ्या झाल्या व त्याला रुग्णालयात ठेवावे लागले, एवढे निश्चित. प्रेक्षकांनी लढतीची हुर्यो उडवली, न्यू जपान कर्जात बुडाली. संमिश्र युद्धकलांचा प्रसार झाल्यावर मात्र हीच कंटाळवाणी लढत त्या खेळाची पूर्वसूचना म्हणून पुन्हा पाहिली जाऊ लागली. अली व इनोकी यांचे संबंध पुढे स्नेहाचे राहिले.

ऑक्टोबरमध्ये दक्षिण कोरियात पाक सोंग-नाम याच्याशी झालेली लढतही ऐनवेळी ‘खरी’ झाली असे म्हणतात. त्याहून महत्त्वाची ती कराचीची. १२ डिसेंबर १९७६ रोजी नॅशनल स्टेडियमवर इनोकीची जोड अक्रम पहिलवानाशी लागली. अक्रम हा इमाम बक्षाचा मुलगा, भोलूचा भाऊ, म्हणजेच गामाचा पुतण्या. जपानी वृत्तपत्रांनी ‘पहलवान’ हे आडनाव समजून त्याचे नाव ‘अक्रम पेरुवान’ असे छापले आणि ते आजही तसेच चालते. कोणी जिंकायचे, हे आधी ठरलेले नव्हते; इनोकी प्रदर्शनीय कुस्तीच्या तयारीने गेला होता आणि तेथे पोहोचल्यावर त्याला निकाली कुस्तीची अट कळली, अशी जपानी बाजू आहे. चाळिशी ओलांडलेला अक्रम लवकर दमला. तिसऱ्या फेरीत इनोकीने दुहेरी मनगटपकड घालून त्याचा खांदा निकामी केला. अक्रमने शरणागतीची खूण केली नाही. लढत थांबवावी लागली. झटापटीत इनोकीने डोळ्यात बोट घातल्याचे व अक्रम चावल्याचे उल्लेख आहेत. हात मोडला की निखळला, याबाबत वर्णने जुळत नाहीत. खांद्यावरील या पकडीचे स्वरूप पाहता निखळणे अधिक संभवते.

घराण्याच्या पराभवाची भरपाई म्हणून अक्रमचा तरुण पुतण्या झुबेर ऊर्फ झारा याला तयार करण्यात आले. १७ जून १९७९ रोजी लाहोरच्या गद्दाफी स्टेडियमवर झालेली ही कुस्ती पाच फेऱ्यांनंतर बरोबरीत सुटली, असे जपानी नोंदी सांगतात. शेवटी इनोकीने झाराचा हात वर उचलला. पाकिस्तानी लेखनात बहुतेक ठिकाणी हा झाराचा विजय म्हणून नोंदला आहे. आखाड्याच्या संकेतानुसार दुसऱ्याचा हात वर करणे म्हणजे त्याचा मान राखणे. त्यालाच पराभवाची कबुली मानायचे की नाही, हा वाचणाऱ्याच्या बाजूचा प्रश्न आहे. या दोन लढतींनंतर पाकिस्तानात तो ‘इनोकी पहलवान’ झाला.

नोव्हेंबर १९७९ मध्ये तोकुशिमा येथे त्याने बॉब बॅकलंडला हरवून अमेरिकेच्या डब्ल्यूडब्ल्यूएफचे विजेतेपद घेतले. ती संस्था मात्र आपल्या अधिकृत यादीत हा विजय धरत नाही. २ जून १९८३ रोजी हल्क होगनच्या हाताच्या फटक्याने तो जीभ बाहेर काढून बेशुद्ध पडला. ठरलेला निकाल त्याच्या विजयाचा होता असे मानतात. तो खरोखर बेशुद्ध होता की नव्हता, हे चर्चेत राहिले. ४ ऑक्टोबर १९८७ रोजी गान्र्यु बेटावर, जेथे मियामोतो मुसाशी व सासाकी कोजिरो या तलवारबाजांचे द्वंद्व झाल्याची परंपरा आहे, तो मासा सैतोशी प्रेक्षकांविना दोन तासांहून अधिक लढला.

१९८९ मध्ये क्रीडा व शांतता पक्ष काढून तो जपानी संसदेच्या वरिष्ठ सभागृहात निवडून आला. आखाती युद्धापूर्वी, डिसेंबर १९९० मध्ये त्याने बगदादमध्ये क्रीडामहोत्सव भरवला व इराकने अडकवून ठेवलेल्या जपानी नागरिकांच्या सुटकेला त्याचा हातभार लागला. त्याच सुमारास करबला येथे त्याने इस्लाम स्वीकारल्याचे सांगितले जाते; पुढे तो स्वतःला बौद्धही म्हणत असे. एप्रिल १९९५ मध्ये त्याने प्याँगयांगला दोन दिवसांचा कुस्तीमेळा घडवला व दुसऱ्या दिवशी रिक फ्लेअरशी लढला. प्रेक्षकसंख्येचे जाहीर केलेले दीड लाख व एक लाख नव्वद हजार हे आकडे सरकारी आहेत. ते तसेच स्वीकारणे कठीण. त्याच वर्षी त्याची संसदेतील जागा गेली. २०१३ मध्ये तो पुन्हा निवडून आला, परवानगीशिवाय उत्तर कोरियाला गेल्याबद्दल तीस दिवस निलंबित झाला आणि २०१९ मध्ये राजकारणातून बाहेर पडला.

४ एप्रिल १९९८ रोजी टोकिओ डोममध्ये डॉन फ्रायला सुमारे चार मिनिटांत हरवून त्याने निवृत्ती घेतली. अली उपस्थित होता. निरोपाच्या भाषणात त्याने ‘मिचि’ (वाट) ही छोटी कविता म्हटली. या वाटेने गेल्यास काय होईल अशी शंका घेऊ नये, पाऊल टाकावे म्हणजे वाट होते, असा तिचा आशय. ती जपानभर पसरली, आणि पंधराव्या शतकातील झेन भिक्षू इक्क्यु याची म्हणून. भाषा पाहता ती इतकी जुनी असणे अशक्य आहे. विसाव्या शतकातील शिन पंथाचे बौद्ध धर्मोपदेशक कियोझावा तेत्सुओ यांच्या १९५१ च्या सुमारास छापलेल्या कवितेशी तिचे ओळीओळीने साम्य असून, आज तिचे कर्तृत्व सामान्यतः त्यांच्याकडेच दिले जाते. इक्क्युचे नाव तिला कोठे चिकटले, हे दाखवणारी साखळी जुळत नाही.

गालावर जोरदार चपराक मारून ‘लढाऊ वृत्ती’ देण्याची त्याची प्रथा १९९० मध्ये एका शिकवणीवर्गातील व्याख्यानात सुरू झाली : विद्यार्थ्याने पोटात ठोसा मारला आणि त्याचा हात आपसूक उठला. नंतर लोक चपराक खाण्यासाठी रांगा लावत. २००५ मध्ये त्याने न्यू जपानचे भाग विकले. साठलेल्या प्रथिनांनी हृदय निकामी करणाऱ्या अमिलॉइडोसिस या दुर्मिळ विकाराशी त्याची अखेरची वर्षे झगडण्यात गेली; रुग्णशय्येवरील आपले कृश रूप तो चित्रफितींतून स्वतःच दाखवत असे. वयाच्या ७९ व्या वर्षी टोकिओत त्याचे निधन झाले.