पार्श्वभूमी : युझेफ म्विनार्चिक, ओकेन्चेचं प्रकरण आणि पोलंडचे गोलरक्षक

पोलंडच्या गोलरक्षकांचा विषय निघाला की १९७३ सालचं वेम्बली निघतं, जिथे तोमाशेव्स्कीने इंग्लंडला रोखलं, २००५ सालचं इस्तंबूल निघतं, जिथे डुडेकने लिव्हरपूलला युरोपातला सर्वोच्च क्लब करंडक जिंकून दिला, आणि मधला माणूस राहून जातो. विश्वचषकात तिसरा क्रमांक, युरोपातल्या क्लबांचा सर्वोच्च करंडक असलेला युरोपियन कप, युरोप आणि दक्षिण अमेरिकेच्या विजेत्या क्लबांमधला आंतरखंडीय कप आणि पुढे पोर्तुगालच्या पोर्तो क्लबात व राष्ट्रीय संघात गोलरक्षकांचा प्रशिक्षक, एवढं सगळं युझेफ म्विनार्चिकच्या खात्यावर जमा आहे. तरी त्याच्या देशात त्याचं नाव आधी एका विमानतळाशी जोडलं जातं. ते प्रकरण टाळून त्याच्याबद्दल लिहिता येत नाही, कारण त्यात दिलेली शिक्षा आजही वादाचा विषय आहे.

जन्म १९५३चा, पश्चिम पोलंडमधल्या नोवा सूलचा. लहान क्लबांत उमेदवारी, मग ओपोलेचा संघ आणि १९७९ पासून राष्ट्रीय संघ. तोमाशेव्स्कीनंतर गोलमध्ये कोण, हा प्रश्न तेव्हा ताजा होता. १९८० साली तो वूच शहरातल्या विड्झेव क्लबात आला आणि खरी गोष्ट तिथून सुरू होते.

वूच हे कापडगिरण्यांचं शहर आणि विड्झेव म्हणजे तिथलं गिरणगाव. या क्लबाला वरच्या श्रेणीत येऊन जेमतेम पाच वर्षं झाली होती. १९८०च्या हंगामात यूएफा कपमध्ये त्यांनी आधी मँचेस्टर युनायटेडला घरी पाठवलं : तिकडे १-१, इकडे ०-०, परक्या मैदानावरच्या गोलच्या हिशेबाने पुढे. मग युव्हेंटस. वूचमध्ये ३-१ ने जिंकले, तुरिनमध्ये तेवढ्याच फरकाने हरले आणि पेनल्टींवर बाजी मारली. नोव्हेंबरअखेरीस इंग्लंडमध्ये इप्सविचविरुद्ध मात्र पाच गोल खाऊन परतले. पाचही गोल म्विनार्चिकच्या जाळ्यात गेले. हा सामना २६ नोव्हेंबरचा. राष्ट्रीय संघाचं विमान २९ तारखेला सुटणार होतं. मधल्या या तीन दिवसांकडे नंतरच्या बातम्यांनी फारसं लक्ष दिलं नाही.

संघ आधी इटलीत सरावाला आणि तिथून माल्टाविरुद्धच्या विश्वचषक पात्रता सामन्याला जाणार होता. आदल्या रात्री मुक्काम वॉर्सातल्या एका हॉटेलात. म्विनार्चिक एका पत्रकार मित्राबरोबर बाहेर पडला आणि पहाटे परतला. सकाळी बसजवळ आला तेव्हा रात्रीची उतरलेली नव्हती, हे कुणीही नाकारत नाही, तो स्वतःही नाही. सहायक प्रशिक्षकाने फर्मावलं : हा येणार नाही. मुख्य प्रशिक्षकानेही मान डोलावली. तेव्हा चौघे मध्ये पडले : बोनिएक, झ्मुदा, स्मोलारेक आणि तेर्लेत्स्की. पहिले तिघे म्विनार्चिकसारखेच विड्झेवचे. चौथा त्याच शहरातल्या प्रतिस्पर्धी क्लबाचा, म्हणजे एरवी ज्यांच्याशी पटू नये असा. त्यानेच त्याला गाडीत घालून ओकेन्चे विमानतळावर नेलं.

विमानतळावर पत्रकार आणि दूरदर्शनचा कॅमेरा हजर होता. आपल्या संघसहकाऱ्याचं हे ध्यान घराघरांत दिसू नये म्हणून तेर्लेत्स्कीने कॅमेरावाल्यांच्या यंत्राची वायर ओढून काढली. पुढे सगळं प्रकरण चिघळलं ते या वायरीने. दारू पिऊन सकाळी उगवलेला खेळाडू त्या काळच्या पोलिश फुटबॉलमध्ये काही नवलाचा नव्हता. सरकारी कॅमेऱ्याला हात लावणारा खेळाडू मात्र नवलाचा होता.

शेवटी मुख्य प्रशिक्षकाने माघार घेतली आणि म्विनार्चिक सगळ्यांबरोबर विमानात बसला. संघाचा निर्णय संघाच्या प्रशिक्षकाने घेतला, इथे विषय संपायला हवा होता. पण वॉर्सातल्या वृत्तपत्रांनी तो उचलला. लाडावलेले, माजलेले खेळाडू असा सूर लागला आणि महासंघाच्या अध्यक्षाने, जो हुद्द्याने जनरल होता, प्रशिक्षकाचा निर्णय फिरवला. तो स्वतः इटलीत पोहोचला. म्विनार्चिक, बोनिएक, झ्मुदा आणि तेर्लेत्स्की यांना परत पाठवायचं ठरलं. दरम्यान खेळाडूंची व्हॅटिकनमध्ये पोलिश पोपशी भेटही होऊन गेली होती. ती जुळवण्यात तेर्लेत्स्कीचा हात होता. कम्युनिस्ट राजवटीतल्या महासंघाला ही भेट किती गोड लागली असेल याची कल्पना करायला फार डोकं लागत नाही.

काळही बघायला हवा. ग्दान्स्कच्या गोदी कामगारांचा करार ऑगस्टअखेरचा. सॉलिडॅरिटीची नोंदणी १० नोव्हेंबरची. म्हणजे विमानतळावरच्या सकाळीपर्यंत देशातली पहिली स्वतंत्र कामगार संघटना कायदेशीर होऊन तीन आठवडेही झाले नव्हते. कारखान्यांत लोक साहेबाला तोंडावर प्रश्न विचारू लागले होते. अशा वेळी राष्ट्रीय संघातले चार जण ‘तो नाही तर आम्हीही नाही’ म्हणतात, याचा अर्थ वरच्या खुर्च्यांवर बसलेल्यांनी काय लावला असेल? माझ्या मते त्यांना त्यात बेशिस्त कमी आणि संप जास्त दिसला.

आता शिक्षा पाहा. डिसेंबरात महासंघाने निकाल दिला. बोनिएक आणि तेर्लेत्स्कीवर एक वर्षाची बंदी. म्विनार्चिक आणि झ्मुदावर आठ महिने. स्मोलारेकला दोन महिने, तेही स्थगित. प्याला होता तो म्विनार्चिक, आणि जास्त शिक्षा मिळाली त्याची बाजू घेणाऱ्यांपैकी दोघांना. हा हिशेब कुठल्याही शिस्तीच्या चौकटीत बसत नाही. शिस्त नकोच असं कोणी म्हणत नाही. गोलरक्षकाने सामन्याच्या आठवडाभर आधी रात्र जागवावी, याचं समर्थन त्याच्या मित्रांनीही केलेलं नाही. पण गुन्हा एक आणि शिक्षा दुसऱ्याच गोष्टीची, असं झालं की लोक गुन्हा विसरतात आणि शिक्षाच लक्षात ठेवतात. इथे तसंच झालं.

ज्या प्रशिक्षकाने म्विनार्चिकला विमानात घेतलं, त्याने राजीनामा दिला. जानेवारी १९८१ मध्ये नवा मुख्य प्रशिक्षक पिएखनिचेक आला. त्याच्यापुढे साधं गणित होतं : विश्वचषक पात्रतेचा तीनच संघांचा गट, पूर्व जर्मनीशी गाठ आणि उत्तम खेळाडू घरी बसलेले. बंद्या सैल झाल्या आणि बोनिएक, झ्मुदा व म्विनार्चिक परत आले. तेर्लेत्स्की पोलंडसाठी पुन्हा कधीच खेळला नाही. तो अमेरिकेत गेला आणि तिथे बंदिस्त सभागृहातलं फुटबॉलही खेळला. या प्रकरणाची पूर्ण किंमत एकट्याने मोजली ती त्याने. बोनिएक मात्र २०१२ साली त्याच महासंघाचा अध्यक्ष झाला.

माफी मिळालेल्या गोलरक्षकाने त्या माफीचं काय केलं? १९८२च्या स्पेनमधल्या विश्वचषकात पहिल्या पाच सामन्यांत त्याने एकच गोल खाल्ला आणि तोही पेरूविरुद्ध, ५-० असा सामना खिशात असताना. इटली, कॅमेरून, बेल्जियम आणि सोव्हिएत संघ यांपैकी कुणालाही गोल करता आला नाही. मायदेशात तेव्हा लष्करी कायदा लागू होता. बार्सिलोनात सोव्हिएत संघाविरुद्धच्या सामन्यात प्रेक्षकांत सॉलिडॅरिटीचे फलक झळकले आणि मैदानावर ०-० अशी बरोबरी झाली. पोलंडला बरोबरी पुरेशी होती. उपांत्य सामन्यात इटलीच्या रॉसीने दोन गोल केले, निलंबित बोनिएक बाहेर बसून पाहत राहिला. तिसऱ्या क्रमांकासाठी फ्रान्सला ३-२ ने हरवलं.

पुढच्या हंगामात विड्झेवने युरोपियन कपमध्ये लिव्हरपूलला बाहेर काढलं. घरी २-० ने जिंकले, ॲनफील्डवर ३-२ ने हरले तरी पुढे. वूचमधला एक गोल लिव्हरपूलच्या गोलरक्षकाच्या हातून सुटलेल्या चेंडूवर झाला. हा गोलरक्षक ग्रोबेलार. त्याच्या वाकड्यातिकड्या पायांची नक्कल करत २००५ मध्ये डुडेकने इस्तंबूलला पेनल्टी अडवल्या. उपांत्य फेरीत युव्हेंटसने विड्झेवचा हिशेब चुकता केला. तोवर बोनिएक त्यांच्याकडे गेला होता.

त्या काळी पोलिश खेळाडूला तिशीच्या आसपास पोहोचल्याशिवाय परदेशी क्लबाकडे जाऊ देत नसत. बोनिएक हा अपवाद. म्विनार्चिक एकतिसाव्या वर्षी, १९८४ साली, कॉर्सिका बेटावरच्या बास्तियाला गेला आणि १९८६ साली पोर्तोला. त्याच वर्षी मेक्सिकोत विश्वचषक. दूरदर्शनवर ते सामने पाहिलेल्यांना इंग्लंडविरुद्धचा पोलंडचा सामना आठवत असेल : लिनेकरचे तीन गोल, आणि तिसरा कॉर्नरवर म्विनार्चिकच्या हातून निसटलेल्या चेंडूवर. पुढच्या फेरीत ब्राझीलने चार गोल घातले आणि ४२ सामन्यांची आंतरराष्ट्रीय कारकीर्द संपली. वय ३२. गोलरक्षकासाठी हे म्हातारपण नव्हे, पण पोलंडने पान उलटलं.

पोर्तोने उलटलं नाही. २७ मे १९८७ रोजी व्हिएन्नात युरोपियन कपचा अंतिम सामना झाला. बायर्नने पंचविसाव्या मिनिटाला हेडरवर आघाडी घेतली. मग शेवटच्या पंधरा मिनिटांत माजेरने टाचेने गोल केला आणि पाठोपाठ जुआरीने दुसरा. सगळ्यांना टाच आठवते, ते साहजिकच आहे. पण बायर्न एका गोलवर अडकून राहिलं म्हणून त्या टाचेला किंमत आली, आणि ते अडकवण्यात मागच्या माणसाचा वाटा होता. बोनिएकनंतर हा कप जिंकणारा तो दुसरा पोलिश खेळाडू. त्याच वर्षी १३ डिसेंबरला टोकियोत पेन्यारोलविरुद्ध आंतरखंडीय कप. मैदानावर बर्फाचा थर होता. चेंडू टप्पा घेईना, घरंगळेना, चिखलात रुतून बसे. गोलरक्षकाला पुढे यावं की थांबावं हे चेंडू थांबल्यावरच कळत होतं. जादा वेळेत पोर्तो २-१ ने जिंकलं. सुपर कपही आला.

१९८८च्या हंगामात दुखापतीने त्याला बाहेर बसवलं. त्याच्या जागी एकोणीसही पूर्ण न झालेला मुलगा उतरला, व्हीतोर बाईया, आणि ती जागा त्याने सोडली नाही. १९८९ मध्ये म्विनार्चिकने हातमोजे उतरवले आणि गोलरक्षकांना शिकवायला लागला. ज्याने आपली जागा घेतली त्याच्याच क्लबात, त्याच्याच जाळ्याशेजारी.

तेव्हा हे काम आजच्यासारखं मानाचं नव्हतं. बऱ्याच क्लबांत गोलरक्षकांसाठी वेगळा प्रशिक्षकच नसे. सहायक प्रशिक्षक सरावाच्या शेवटी चेंडूंची पिशवी घेऊन पेनल्टीच्या ठिपक्यावर उभा राही, डावीकडे-उजवीकडे फटके मारी आणि झालं शिक्षण. जागा कुठे घ्यायची, बचावफळीशी कधी बोलायचं, कॉर्नरला पुढे यायचं की नाही, हे सगळं मुलाने स्वतःच्या चुकांतून शिकायचं. म्विनार्चिकसारख्या माणसाचा उपयोग नेमका इथे होता. मेक्सिकोतल्या मॉन्टेरीत, त्या इंग्लंडविरुद्धच्या सामन्यात, कॉर्नर सुटलेला माणूस कॉर्नरबद्दल बोलतो, तेव्हा विद्यार्थी जरा जास्त लक्ष देऊन ऐकतो.

१९९२ मध्ये नियम बदलला : सहकाऱ्याने पायाने दिलेला परतीचा चेंडू गोलरक्षकाने हातात घ्यायचा नाही. म्विनार्चिकच्या पिढीची सगळी घडण त्याआधीची. वेळ काढायचा असेल तर चेंडू मागे द्या, गोलरक्षक उचलेल, दोनदा टप्पे देईल, हेच ते शिकले होते. आता त्याच माणसांनी पुढच्या पिढीला पायाने खेळायला शिकवायचं होतं. काही जण यात मागे पडले. तो टिकला, याला मी दुखापतीने लवकर मिळालेलं हे दुसरं आयुष्य कारण मानतो. नियम आला तेव्हा तो आधीच शिकवण्याच्या बाजूला होता.

२००० साली राष्ट्रीय संघाची सूत्रं नव्या प्रशिक्षकाकडे गेली आणि गोलरक्षकांची जबाबदारी म्विनार्चिककडे आली. ज्या महासंघाने त्याला कधीकाळी इटलीहून परत पाठवलं होतं, त्याच्याच बोधचिन्हाचा कोट त्याच्या अंगावर होता. अर्थात मधल्या वीस वर्षांत तिथली राजवटही बदलली होती आणि माणसंही. पोलंड १९८६ नंतर पहिल्यांदा विश्वचषकाला पात्र ठरलं आणि गोलमध्ये होता डुडेक, तेव्हा लिव्हरपूलचा.

२००२च्या त्या विश्वचषकात कोरियात मात्र वाताहत झाली. यजमानांनी बुसानमध्ये ०-२ ने हरवलं. जिओनजूत पोर्तुगालने चार गोल घातले, त्यात पाउलेताचे तीन. त्या संध्याकाळी पोर्तुगालच्या गोलमध्ये बाईया उभा होता. म्विनार्चिक एका बाकावर बसलेला, आणि त्याच्याच हाताखाली घडलेला गोलरक्षक समोरच्या संघाचं जाळं कोरडं ठेवतोय. पोलंडमधल्या टीकेचा रोख मुख्य प्रशिक्षकावर होता, त्यामुळे या योगायोगाकडे फार कुणी पाहिलं नाही. तिसऱ्या सामन्यात डुडेकऐवजी राखीव गोलरक्षक मायदानला उतरवलं आणि अमेरिकेला ३-१ ने हरवलं, पण तोवर स्पर्धा हातची गेली होती. मुख्य प्रशिक्षक बदलला.

त्यानंतर हे पद फिरत राहिलं. डच मुख्य प्रशिक्षक आला तेव्हा त्याने गोलरक्षकांसाठीही डच माणूस आणला. पोलंडला गोलरक्षक शिकवायला बाहेरून माणूस लागतो का, यावर तेव्हा बरीच कुरकुर झाली असणार, आणि ती अगदीच अनाठायी म्हणता येणार नाही. २०१२च्या युरोसाठी पुन्हा घरचा माणूस आला : १९८२च्या स्पेनमध्ये म्विनार्चिकचा राखीव म्हणून बाकावर बसलेला गोलरक्षक. वॉर्सात ग्रीसविरुद्धच्या पहिल्याच सामन्यात गोलरक्षक श्चेन्स्नीला लाल कार्ड मिळालं, पेनल्टी दिली गेली आणि थंड अंगाने मैदानात आलेल्या राखीव गोलरक्षक टिटोनने पहिल्याच चेंडूला ती अडवली. सामना १-१ असा सुटला.