सिंगालीलाचं तिकीट काढण्याआधी एवढं वाचा

सिंगालीला रांगेतल्या आमच्या संदकफू-फालुट ट्रेकच्या बॅचचं बुकिंग सुरू झालं की दोन प्रश्न ठरलेले असतात. "ट्रेक दार्जिलिंगचा, मग मॅपवर आपला मुक्काम नेपाळमध्ये कसा?" आणि "गंगटोकपर्यंतची तिकिटं काढलीत, तिथून गाडी तुमची ना?" पहिल्याचं उत्तर सोपं आहे. दुसऱ्यामुळे मात्र दर मोसमात कुणाचा ना कुणाचा पहिला दिवस हुकतो, म्हणून हे पत्रक.

सिंगालीला रांग कांचनजंगाकडून दक्षिणेला उतरत येते. पश्चिमेला नेपाळ, पूर्वेला वर सिक्कीम आणि त्याखाली पश्चिम बंगालचा दार्जिलिंग जिल्हा. घाटमाथ्यावरून चालताना एका हाताला कोकण आणि दुसऱ्या हाताला देश असतो ना, तसंच इथे. फक्त माथ्यावरून जाते ती दोन देशांची सीमा. १८१६ मध्ये सुगौलीचा तह अमलात आला, नेपाळने मेची नदीच्या पूर्वेचा मुलूख सोडला आणि पुढे ही धारच हद्द ठरली. तिच्यावर कुंपण नाही. वाट सोयीने कधी अलीकडे, कधी पलीकडे जाते. तुमलिंग नेपाळात, जवळचं टोंगलू भारतात. गैरीबास भारतात, तर कालीपोखरी पुन्हा नेपाळात. ३६३६ मीटर उंचीच्या संदकफूच्या माथ्यावर तर दोन्ही देशांतली लॉज आहेत. पश्चिम बंगालचं सर्वांत उंच ठिकाण तेच. मुक्काम कुठल्या बाजूला पडेल हे त्या दिवशीच्या खोल्यांवर ठरतं, त्याने ट्रेकमध्ये काही फरक पडत नाही.

आता तिकिटाचं. 'सिंगालीला ट्रेक' या एकाच नावाखाली वेगवेगळे ट्रेक विकले जातात. आम्ही नेतो तो बंगालच्या बाजूचा: मानेभंज्यांगहून चढायचं, संदकफू, फालुट करून गोरखेमार्गे खाली. सिक्कीमच्या बाजूचा उत्तरेहून सुरू होतो आणि चिवाभंज्यांग, फोक्ते दाराकडे जातो. (हे उत्तरे गावाचं नाव आहे, दिशा नव्हे. फोनवर हा घोळ फार होतो.) रांग तीच, पण गाव वेगळं, परवानगी वेगळी, वाट वेगळी. नेपाळमध्ये संदकफूला सन्दकपुर म्हणतात. ते नाव मॅपवर टाकलंत की पानीटंकीची सीमा ओलांडून इलाम जिल्ह्यातून जाणारा रस्ता समोर येऊ शकतो. आणि भंज्यांग म्हणजे खिंड, त्यामुळे या भागात भंज्यांग पावलोपावली. नुसतं "भंज्यांगला पोचतो" एवढ्यावर गाडी पाठवता येत नाही.

आमच्या बॅचसाठी विमान बागडोगऱ्याचं, रेल्वे न्यू जलपायगुडीची. गंगटोक किंवा सिक्कीमचा पाक्योंग विमानतळ नाही, काठमांडू तर नाहीच. गंगटोकला उतरलात तर मानेभंज्यांगला येण्यात दिवस मोडतो, आणि तोवर बॅच तुमलिंगच्या वाटेला लागलेली असते. म्हणूनच आमचं लेखी कन्फर्मेशन हातात पडेपर्यंत तिकीट काढू नका, असा आग्रह धरतो. तोवर भाडं वाढतं अशी तक्रार काही जण करतात आणि ती रास्त आहे. पण एका फोनवर आम्ही स्टेशन, गाडी आणि वेळ सांगतो, त्याला पैसे लागत नाहीत. तुम्हाला सिक्कीमच्या बाजूचाच ट्रेक हवा असेल तर तसंही सांगा, त्याची वेगळी बॅच बसवून देतो.

ओळखपत्राबद्दलही नाराजी कानावर येते. "आधार सगळीकडे चालतं." नेपाळमध्ये जायला भारतीय प्रौढांना पासपोर्ट किंवा निवडणूक आयोगाचं मतदार ओळखपत्र लागतं, आणि आपली वाट अनेकदा पलीकडे जाते. चौकीवर वाद घालत उभं राहण्यापेक्षा दोन्हींपैकी एक मूळ स्वरूपात जवळ ठेवा. झेरॉक्स वेगळी आणा, ती परवान्यासाठी लागते. पंधरा वर्षांखालच्या मुलांसाठी काय आणायचं ते बुकिंगच्या वेळी विचारून घ्या.

फोनचं घड्याळ 'ऑटोमॅटिक'वरून काढून ठेवा. तुमलिंगच्या पुढे मोबाईल नेपाळचं नेटवर्क पकडतो, घड्याळ पंधरा मिनिटं पुढे सरकतं आणि रोमिंगचे पैसेही कटतात. सूर्योदयासाठी गाईड जी वेळ सांगतो ती भारतीय.

माथ्यावरून काय दिसतं हेही सारखं विचारतात. आकाश स्वच्छ असेल तर एव्हरेस्ट, ल्होत्से, मकालू एका बाजूला आणि कांचनजंगा समोर. कांचनजंगाच्या ओळीत कुंभकर्ण दिसतो, नकाशांत त्यालाच जानू लिहितात. शिखर एकच आहे. दोन्ही बघायचेत म्हणून एक दिवस वाढवून मागू नका. पंडिम त्याच ओळीत, पण सिक्कीममध्ये. या ओळीलाच तिथले लोक 'झोपलेला बुद्ध' म्हणतात. शिखरं बघायची तर ऑक्टोबर-नोव्हेंबर, गुरांसची (ऱ्होडोडेंड्रॉनची) फुलं बघायची तर एप्रिल. १६ जून ते १५ सप्टेंबर वाटेवरचं सिंगालीला राष्ट्रीय उद्यान बंद असतं, त्या काळातली बुकिंग आम्ही घेत नाही.