एसजीपीटी नॉर्मल, पण कोणता नॉर्मल?

हिपॅटायटिस बी, म्हणजे गावाकडच्या बोलीत पांढरी कावीळ, निघालेल्या माणसाचा पुढचा रिपोर्ट हमखास एसजीपीटीचा, म्हणजे यकृताच्या रक्ततपासणीचा असतो. तो नॉर्मल आला की घरात हायसं वाटतं. यवतमाळकडच्या एखाद्या घरातली दोन माणसं घेऊ. चोवीस वर्षांची सून पहिल्यांदाच गरोदर आहे. गरोदरपणाच्या तपासणीत तिचा एचबीएसएजी, म्हणजे हिपॅटायटिस बी असल्याची रक्तातली खूण, पॉझिटिव्ह निघाला. तिचे काकाजी पन्नाशीचे. त्यांनी रक्तदान शिबिरात रक्त दिलं आणि काही दिवसांनी रक्तपेढीतून निरोप आला की तुमचं रक्त घेता येत नाही. पुढे दोघांचा एसजीपीटी काढला. सुनेचा 24, काकाजींचा 27. दोघांचेही डोळे स्वच्छ, भूक चांगली, कामात खंड नाही. "नॉर्मल हाय ना? मंग नागपूरले कायले जा लागते?"

प्रश्न रास्त आहे. कापूस वेचणीच्या दिवसांत नागपूरची एक फेरी म्हणजे मजुरीही बुडते आणि एसटीचं भाडंही जातं. तरी या दोन नॉर्मल आकड्यांमागे शरीरात जे चाललं आहे, ते एकमेकांच्या जवळजवळ उलट आहे. ते कळायचं तर हा आकडा नेमकं काय मोजतो तिथून सुरुवात करावी लागते.

एसजीपीटी हे यकृताच्या पेशींच्या आत असणारं एन्झाइम. पेशी फुटली की ते रक्तात उतरतं, म्हणून आकडा चढतो. पण हिपॅटायटिस बी चा विषाणू स्वतः पेशी फोडत नाही. तो पेशीत शिरतो, तिच्याकडून आपल्या नकला करून घेतो आणि बाहेर पडतो; पेशी जिवंत राहते. ती मारतात आपल्याच प्रतिकारशक्तीतल्या सीडी8 टी पेशी. विषाणू लागलेली पेशी ओळखून तिला संपवणं हेच त्यांचं काम. म्हणजे एसजीपीटी विषाणू मोजत नाही, विषाणूविरुद्धची मारामारी मोजतो. मारामारी नसण्याची कारणं मात्र दोन असू शकतात. शेतात रात्री जागलीला गेलेल्या माणसाची हाळी ऐकू आली नाही, तर रानडुकरं आली नसतील किंवा आलेली त्याला कळली नसतील. घरी झोपलेल्याला दोन्ही सारखंच.

सुनेची गोष्ट दुसऱ्या प्रकारची आहे. तिला हा विषाणू बहुधा स्वतःच्या जन्माच्या वेळी आईकडून आला. मोठ्या वयात लागण झाली तर शंभरातल्या पंच्याण्णवांहून अधिक लोक सहा महिन्यांत विषाणू हटवतात. जन्मतः लागण झालेल्या शंभरातल्या सुमारे नव्वद जणांत तो कायम मुक्कामाला राहतो. नवजात बाळाची प्रतिकारशक्ती अजून घडत असते हे त्याचं एक कारण. दुसरं कारण यकृताच्या स्वभावात आहे, आणि मला ते फार महत्त्वाचं वाटतं. यकृताला मिळणारं जवळजवळ तीन चतुर्थांश रक्त आतड्यांकडून येतं. त्यात अन्नाचे अंश असतात, जिवाणूंचे तुकडे असतात. दर जेवणानंतर यकृताने त्या सगळ्यांशी युद्ध पुकारलं तर माणूस जगणारच नाही. म्हणून यकृतातलं वातावरण मुळातच भांडण मिटवणारं असतं. तिथल्या कुप्फर पेशी आयएल-10 सारखी शांत करणारी रसायनं सोडतात. यकृतातल्या इतर पेशी टी पेशींना थोपवणाऱ्या खुणा बाहेर मांडून बसतात.

या विषाणूला ही जागा सोयीची आहे. शिरताना तो पेशीतली धोक्याची घंटा, म्हणजे इंटरफेरॉनची साखळी, फारशी वाजू देत नाही. शिवाय तो नुसत्या कवचाचे पोकळ कण खऱ्या विषाणूंच्या हजारोपट रक्तात सोडतो. अँटिबॉडी त्यांच्यातच गुंतून पडतात. त्यामुळे सुनेच्या रक्ताची एचबीव्ही डीएनए तपासणी, म्हणजे रक्तात विषाणू किती आहे याची मोजणी, केली तर आकडा मिलिलिटरमागे एक कोटी युनिटच्याही वर जाऊ शकतो, एचबीईएजी, म्हणजे विषाणू जोमाने वाढत असल्याची खूण, पॉझिटिव्ह असतो आणि एसजीपीटी मात्र 24.

या अवस्थेत काहीही होत नाही, नुसतं लक्ष ठेवा, असं बरीच वर्षं सांगितलं गेलं. अलीकडचं संशोधन तितकं निर्धास्त नाही. अशा तरुण रुग्णांच्या रक्तात विषाणूला ओळखणाऱ्या टी पेशी सापडतात, म्हणजे शरीर अगदीच आंधळं नसतं. विषाणूच्या डीएनएचे तुकडे यकृतपेशींच्या डीएनएत मिसळण्याची प्रक्रियाही या शांत वर्षांत सुरू झालेली असते, आणि पुढच्या यकृताच्या कर्करोगाच्या वाटेवरची ती एक पायरी आहे. म्हणूनच युरोपातल्या यकृततज्ज्ञांच्या 2017 च्या मार्गदर्शक सूचनांनी, तिशी ओलांडल्यावरही विषाणू असाच भरपूर असेल तर एसजीपीटी नॉर्मल असतानाही औषध सुरू करण्याची मुभा दिली. मला ती योग्य वाटते. अशा माणसाला औषधाविना ठेवायचंच असेल, तर त्याला नियमित तपासणीला बोलावण्याची जबाबदारी कुणीतरी घेतली पाहिजे, आणि खेड्यात नेमकी तीच साखळी तुटते.

आता काकाजी. त्यांच्या शरीरात मारामारी होऊन गेली आहे. कदाचित तिशीत कधीतरी वर्ष-दोन वर्षं एसजीपीटी चढलेला असेल, थकवा आला असेल, आणि तो उन्हाचा म्हणून सोडून दिला असेल. त्या काळात टी पेशींनी विषाणू लागलेल्या पेशी मारल्या, आणि पेशी न मारताही रसायनांच्या जोरावर विषाणूचं उत्पादन दाबलं. एचबीईएजी गेला, त्याविरुद्धची अँटिबॉडी आली, डीएनए 2,000 युनिटच्या खाली उतरला. इथे एसजीपीटी नॉर्मल आहे तो पहारा चालू आहे म्हणून.

पण विषाणू गेलेला नाही. यकृतपेशीच्या केंद्रकात त्याच्या डीएनएचं एक बंद वर्तुळ बसून राहतं. तिथवर ना विषाणू दाबणारं टेनोफोविर हे औषध पोहोचतं, ना अँटिबॉडी. पहारा काढला की काय होतं याचा पुरावा डॉक्टरांना वारंवार दिसतो. अशा माणसाला कर्करोगाची केमोथेरपी, रिटुक्सिमॅब हे प्रतिकारशक्ती दाबणारं इंजेक्शन किंवा जास्त डोसचं स्टिरॉइड बरेच दिवस दिलं की प्रतिकारशक्ती दबते आणि विषाणू उसळतो. मग टी पेशी परत आल्या की एकदम तुटून पडतात. एसजीपीटी शेकड्यांत, कधी हजारात जातो, यकृत निकामी होऊन मृत्यूही ओढवतो. म्हणून सांधेदुखीसाठी असो की दम्यासाठी, लांब चालणारं स्टिरॉइड सुरू होण्याआधी काकाजींनी "मला हिपॅटायटिस बी आहे" हे डॉक्टरांना आपणहून सांगायला हवं. आधीच विषाणू दाबणारी गोळी सुरू केली तर हा प्रसंग बहुतेक वेळा टळतो.

काकाजींचा पहाराही ताज्या दमाचा नसतो. शत्रू वर्षानुवर्षं समोर राहिला की टी पेशी थकतात, आणि हे थकणं पायरीपायरीने होतं. आधी त्यांची संख्या वाढवण्याची ताकद जाते, मग रसायनं सोडण्याची, शेवटी त्या मरतात. त्यांच्या अंगावर पीडी-1 नावाचा ब्रेक ठळक दिसू लागतो. उंदरांमधल्या एका जुनाट विषाणूसंसर्गात हा ब्रेक सोडवल्यावर थकलेल्या पेशी पुन्हा कामाला लागतात हे 2006 मध्ये दिसलं. पीडी-1 शोधणारे तासुकु होंजो यांना 2018 चं नोबेल मिळालं ते याच तत्त्वावरच्या कर्करोग उपचारासाठी. हिपॅटायटिस बी मध्ये मात्र नुसता ब्रेक सोडवून आजवर थोडंच साधलं आहे. या थकण्याकडे मी निव्वळ दोष म्हणून पाहत नाही. यकृतातल्या फार मोठ्या भागात विषाणू असताना टी पेशी पूर्ण जोमात राहिल्या, तर यकृतच उरणार नाही.

या दोघांच्या मध्ये एक फसवा प्रकार आहे. विषाणूत बदल होतो, तो एचबीईएजी बनवणं थांबवतो, पण वाढत राहतो. कागदावर असा माणूस काकाजींसारखाच दिसतो. त्याचा एसजीपीटी वरखाली होत असतो, आणि खाली असताना रक्त काढलं तर नॉर्मल येतो. म्हणून एका रिपोर्टवर काकाजींनाही निर्धास्त करता येत नाही. पहिल्या वर्षी दर तीन-चार महिन्यांनी एसजीपीटी आणि सोबत डीएनए पाहिल्यावरच चित्र स्पष्ट होतं. राष्ट्रीय व्हायरल हिपॅटायटिस नियंत्रण कार्यक्रम 28 जुलै 2018 ला सुरू झाला. त्याच्या उपचार केंद्रांवर या तपासण्या आणि औषधं मोफत आहेत. जवळचं केंद्र कोणतं, हे जिल्हा रुग्णालयात विचारावं.

सुनेच्या बाबतीत डीएनएचा आकडा आणखी एका कारणासाठी तातडीने हवा. तो 2 लाख युनिटच्या वर असेल तर सातवा महिना लागता-लागता, 28 व्या आठवड्यापासून, टेनोफोविर देतात, म्हणजे बाळाला लागण होण्याची शक्यता खूप उतरते. बाळाला जन्मल्यापासून 24 तासांच्या आत लसीचा पहिला डोस आणि जमेल तिथे इम्युनोग्लोब्युलिन, म्हणजे तयार अँटिबॉडींचं इंजेक्शन, मग सहा, दहा आणि चौदा आठवड्यांच्या लसी. अंगावर पाजायला हरकत नाही. बाळंतपणानंतर तिची गरोदरपणात नरमलेली प्रतिकारशक्ती पुन्हा ताठ होते, आणि काही बायकांचा एसजीपीटी तेव्हा पहिल्यांदाच चढतो. सगळ्यांचं लक्ष बाळाकडे असतं, त्यामुळे ते निसटतं. पुढचे सहा महिने तिचं रक्त तपासत राहायला हवं.

चंद्रपूर, गडचिरोली, गोंदियाकडच्या वाचकांसाठी एक गोष्ट वेगळी सांगितली पाहिजे. सिकलसेलच्या रुग्णाचे डोळे पिवळे दिसतात ते बहुतेक वेळा तांबड्या पेशी फुटल्यामुळे. त्यात बिलिरुबिन हे पिवळं द्रव्य वाढतं, एसजीपीटीच्या जोडीचा एसजीओटीही थोडा वाढू शकतो, कारण ते एन्झाइम तांबड्या पेशींतही असतं. पिवळेपणा नेहमीचाच म्हणून या रुग्णांचा हिपॅटायटिस नजरेआड राहू शकतो, आणि ज्यांना वारंवार रक्त चढवावं लागतं त्यांना धोका इतरांपेक्षा जास्त. त्यांच्यात डोळ्यांच्या रंगावर न जाता एसजीपीटी वेगळा पाहावा, बी आणि सी दोन्हींची तपासणी ठरावीक काळाने करून घ्यावी, आणि बी ची लस झाली नसेल तर ती घ्यावी.