अपील प्रलंबित असताना आरोपीचा मृत्यू झाला तर: अर्ज कोणी, कधी, कसा करायचा

शिक्षेविरुद्ध अपील दाखल आहे, आरोपी जामिनावर आहे आणि निकाल लागण्याआधीच तो वारला. माणूसच गेला, आता केस कसली, असे घरच्यांना वाटते. बहुतेकदा अपील खरोखरच तिथे संपते, वकिलांच्या बोलीत ‘अ‍ॅबेट’ होते. पण म्हणून तो निर्दोष ठरत नाही. खालच्या कोर्टाने दोषी ठरवल्याचा निकाल जसाच्या तसा राहतो. लाचेच्या प्रकरणात शिक्षा होऊन बडतर्फ झालेल्या कर्मचाऱ्याच्या विधवेला याची झळ बसते, कारण पेन्शन आणि ग्रॅच्युइटी त्या निकालातच अडकलेली असते.

हा निकाल पुसायचा असेल तर कोर्टाकडे परवानगीचा अर्ज करून कुटुंबाला अपील पुढे चालवता येते. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४३५ मध्ये (जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेत कलम ३९४) ही सोय आहे. शिक्षा फाशीची किंवा कैदेची असावी आणि मृत्यू अपील प्रलंबित असताना झालेला असावा.

अर्ज आई-वडील, पती किंवा पत्नी, मुले-नातवंडे, भाऊ किंवा बहीण यांपैकी कोणीही करू शकते. सून, जावई, पुतण्या या यादीत नाहीत, मग केसची सगळी धावपळ त्यांनीच केलेली का असेना.

मुदत मृत्यूच्या तारखेपासून ३० दिवस. खरी गोची इथेच होते. तेराव्यापर्यंत कोणी कागदाला हात लावत नाही, आणि मृत्यूची नोंद करायलाच २१ दिवसांची मुदत असल्याने दाखलाही निवांत काढला जातो. तोवर हातात आठवडाभर उरतो. म्हणून मृत्यू झाला त्याच आठवड्यात वकिलाला कळवा. मुदत गेलीच, तर उशीर माफीचा अर्ज कारणांसह सोबत जोडावा. तो मान्य करायचा की नाही, हे कोर्ट ठरवते.

अपील ज्या कोर्टात आहे तिथेच परवानगीचा अर्ज द्यायचा. सोबत मृत्यूचा दाखला, नात्याचा पुरावा (रेशन कार्ड, जन्म किंवा विवाह नोंदणीचा दाखला), प्रतिज्ञापत्र आणि अर्जदाराच्या सहीचे नवे वकीलपत्र. मयताने दिलेल्या वकीलपत्रावर विसंबू नका. अपिलाचा क्रमांक अर्जात ठळक लिहा.

दंडाचे गणित वेगळे. फक्त दंडाच्या शिक्षेविरुद्धचे अपील मृत्यूने संपत नाही, कारण दंड मयताच्या मालमत्तेतून वसूल होऊ शकतो. कैद आणि दंड दोन्ही असतील तरीही अपील संपत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९७४ मध्ये हरनाम सिंग आणि २०२० मध्ये रमेसन प्रकरणात सांगितले आहे. तरीही अर्ज द्यावा हे बरे, नाहीतर मयताची बाजू मांडायला कोर्टात कोणी उरत नाही.

सरकारने निर्दोष सुटकेविरुद्ध किंवा शिक्षा वाढवण्यासाठी केलेले अपील मात्र आरोपीच्या मृत्यूने कायमचे संपते. जयललितांच्या बेहिशेबी मालमत्तेच्या खटल्यात फेब्रुवारी २०१७ मध्ये हेच झाले. सहआरोपींना खालच्या कोर्टाने दिलेली शिक्षा तेवढी पुन्हा लागू झाली.