मेलबर्न ऑलिंपिकमधील भारतीय फुटबॉल संघ (१९५६)

मेलबर्न येथे १९५६ साली झालेल्या ऑलिंपिकमध्ये भारतीय फुटबॉल संघाने उपांत्य फेरी गाठली आणि चौथा क्रमांक मिळवला. ऑलिंपिक फुटबॉलच्या उपांत्य फेरीत पोहोचलेला हा आशियातील पहिला संघ. पदक थोडक्यात हुकले, तरी जागतिक स्पर्धेत याहून मोठी मजल भारतीय फुटबॉलने आजवर मारलेली नाही.

या यशाचे मोल कळण्यासाठी चार वर्षे मागे जावे लागते. १९५२ मध्ये हेलसिंकीला युगोस्लाव्हियाने भारताचा १०-१ असा धुव्वा उडवला होता. हवा गारठ्याची आणि आपले बरेच खेळाडू अनवाणी. अनवाणी खेळण्यात तेव्हा कोणाला कमीपणा वाटत नसे. उघड्या पावलाला चेंडू जास्त नेमका कळतो, असेच खेळाडू मानत आणि पायाला पट्ट्या गुंडाळून मैदानात उतरत. १९४८ मध्ये लंडनला याच पायांनी फ्रान्सला घाम फोडला होता. दोन पेनल्टी वाया गेल्या आणि सामना २-१ असा निसटला. हेलसिंकीनंतर मात्र भारतीय फुटबॉल महासंघाने बूट सक्तीचे केले.

हेलसिंकीचा तो पराभव प्रशिक्षक सय्यद अब्दुल रहीम यांनी स्वतः पाहिला होता. रहीमसाहेब मूळचे हैदराबादचे शिक्षक. त्यांनी घडवलेल्या हैदराबाद पोलीस संघाने १९५० ते १९५४ अशी सलग पाच वर्षे मुंबईत येऊन रोव्हर्स चषक जिंकला, त्यामुळे मुंबईच्या कूपरेज मैदानावरील प्रेक्षकांना त्यांचा खेळ चांगला परिचयाचा होता. चेंडू पायात घोळवत बसू नये, एका स्पर्शात पुढे द्यावा, आणि कच्च्या पायानेही तितकाच सफाईने मारावा, यावर त्यांचा भर असे. हंगेरीच्या धर्तीवर मधल्या आघाडीपटूला मागे खेचून खेळण्याची चालही त्यांनी भारतात आणली.

मेलबर्नमध्ये एकूण ११ संघ उतरले होते. हंगेरीने माघार घेतल्यामुळे भारताला पुढे चाल मिळाली, म्हणजे पहिली फेरी न खेळताच पार झाली. एवढ्यावरून कोणी या यशाला नशिबाचे दान म्हणत असेल, तर त्याने १ डिसेंबरचा उपांत्यपूर्व सामना आठवावा. समोर यजमान ऑस्ट्रेलिया. नवव्या मिनिटाला नेव्हिल डिसोझाने गोल केला, ऑस्ट्रेलियाच्या ब्रूस मॉरोने तो फेडला. ३३ व्या मिनिटाला पुन्हा नेव्हिल, पुन्हा मॉरोची बरोबरी. मध्यंतराला २-२. पन्नासाव्या मिनिटाला नेव्हिलचा तिसरा गोल झाला आणि ऑलिंपिकमध्ये हॅट्ट्रिक करणारा तो पहिला आशियाई फुटबॉलपटू ठरला. शेवटची दहा मिनिटे उरली असताना किट्टूने चौथा गोल करून सामना ४-२ असा खिशात घातला. पुढे १२ डिसेंबरला सिडनीतील मैत्रीपूर्ण सामन्यातही भारताने ऑस्ट्रेलियाला ७-१ असे हरवले.

उपांत्य फेरीत गाठ पडली ती त्याच युगोस्लाव्हियाशी. मध्यंतरापर्यंत एकही गोल झाला नाही आणि ५२ व्या मिनिटाला नेव्हिलने भारताला आघाडी मिळवून दिली. ज्यांनी चार वर्षांपूर्वी दहा गोल चढवले होते, त्यांच्याविरुद्ध आपण पुढे होतो! ही आघाडी दोनच मिनिटे टिकली. युगोस्लाव्हियाने अकरा मिनिटांत तीन गोल केले, चौथा गोल भारताच्याच स्वयंगोलाने झाला आणि सामना ४-१ असा गेला. कांस्यपदकाच्या लढतीत बल्गेरियाने भारताला ३-० असे हरवले.

समर (बद्रू) बॅनर्जी संघाचे कर्णधार होते. पी. के. बॅनर्जी, तुलसीदास बलराम, नूर मोहम्मद, केंपय्या आणि गोलरक्षक पीटर थंगराज व एस. एस. नारायण हे संघातील इतर ठळक खेळाडू.

नेव्हिल डिसोझा मूळचा गोव्यातील आसगावचा. त्याचा जन्म १९३२ चा, म्हणजे गोवा पोर्तुगीज अंमलाखाली असतानाचा. मुंबईत तो टाटा संघाकडून खेळे. स्पर्धेत सर्वाधिक, म्हणजे प्रत्येकी चार गोल करणाऱ्या तिघांत युगोस्लाव्हियाचा वेसेलिनोविच आणि बल्गेरियाचा मिलानोव यांच्या बरोबरीने त्याचे नाव आहे. गोव्यात आणि मुंबईत फुटबॉलवर जीव टाकणाऱ्या प्रत्येक मुलाला हे नाव ठाऊक असायला हवे. १९८० मध्ये, वयाच्या पन्नाशीआधीच तो गेला.

रहीम यांच्याच मार्गदर्शनाखाली भारत १९६० च्या रोम ऑलिंपिकमध्ये खेळला आणि १९६२ मध्ये जकार्ता येथे दक्षिण कोरियाला २-१ असे नमवून आशियाई सुवर्णपदक विजेता ठरला. पुढच्याच वर्षी कर्करोगाने रहीम यांचे निधन झाले. रोमनंतर भारतीय फुटबॉल संघ ऑलिंपिकला पात्र ठरलेला नाही.