घराजवळचाच सामना दिसत नाही: अमेरिकी बेसबॉलच्या प्रक्षेपणहक्कांची पार्श्वभूमी

हंगामाचा पहिला सामना नेटफ्लिक्सवर. शुक्रवारचे काही ॲपलवर, शनिवारचे फॉक्सवर, रविवारी रात्रीचे एनबीसी आणि तिच्या पीकॉक या स्ट्रीमिंग सेवेवर. मंगळवारी टीबीएस, मधूनमधून ईएसपीएन, आणि उरलेले स्थानिक वाहिनीवर किंवा तिच्या ॲपवर. २०२६ च्या हंगामासाठी मेजर लीगने, म्हणजे अमेरिकी बेसबॉलच्या सर्वोच्च व्यावसायिक लीगने, केलेली ही वाटणी. आपल्या एका संघाचे १६२ च्या १६२ सामने बघायचा हट्ट धरला, तर यातलं बरंचसं विकत घ्यावं लागतं. यावर राग निघतो तो स्ट्रीमिंग कंपन्यांवर. तो राग समजण्यासारखा आहे, पण अर्धवट माहितीवरचा आहे. चाहत्याला सामन्यापासून लांब ठेवणारे नियम या कंपन्या या धंद्यात येण्याआधी तयार झाले होते, आणि इंटरनेटवर त्यातल्या सर्वांत जाचक नियमाला पहिली भगदाडं पडली ती याच कंपन्यांच्या करारांमुळे.

सुरुवातीचा काळ भराभर सांगता येतो. ऑगस्ट १९२१ मध्ये पिट्सबर्गहून पहिल्यांदा मेजर लीगचा सामना रेडिओवर आला. फुकट ऐकायला मिळालं तर तिकीट कोण काढेल, ही भीती क्लबमालकांना लगेच वाटली. न्यूयॉर्कच्या तीन क्लबांनी तर १९३४ ते १९३८ अशी पाच वर्षं आपापसात ठरवून रेडिओ बंद ठेवला. पिट्सबर्गमध्येच एका रेडिओ केंद्राने मैदानाबाहेरच्या उंच जागांवर माणसं बसवली आणि ती बघून सांगतील तसा सामना प्रसारित केला. क्लब कोर्टात गेला आणि १९३८ मध्ये जिंकला. आपल्या मैदानात काय चाललंय हे सांगण्याचा हक्क विकणं हा क्लबचा अधिकार ठरला. पुढची सगळी इमारत या निकालावर उभी आहे.

पैसे घेऊन घरात सामना दाखवण्याची कल्पनाही कोणी सिलिकॉन व्हॅलीत काढलेली नाही. जुलै १९६४ मध्ये कॅलिफोर्नियात एका कंपनीने तारेवरून, सामन्यागणिक पैसे घेऊन डॉजर्स आणि जायंट्स या संघांचे सामने दाखवायला सुरुवात केली. चित्रपटगृहांच्या मालकांनी विरोधात मोहीम उघडली आणि नोव्हेंबरमध्ये मतदारांनी सार्वमतात अशा टीव्हीवर बंदी घातली. राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने दोन वर्षांनी ती बंदी घटनाबाह्य ठरवली, पण तोवर कंपनी बुडाली होती. १९७० च्या दशकात केंद्रीय दूरसंचार आयोगाने आणखी एक बांध घातला: फुकट टीव्हीवर दिसणारे महत्त्वाचे सामने पैसे घेणाऱ्या केबलने पळवायचे नाहीत. १९७७ मध्ये अपील न्यायालयाने तोही मोडला. आपल्याकडे २००७ च्या कायद्याने राष्ट्रीय महत्त्वाच्या सामन्यांचा सिग्नल दूरदर्शनला द्यावाच लागतो. अमेरिकेत १९७७ नंतर असा कुठलाच आधार प्रेक्षकाकडे उरला नाही. माझ्या मते या साऱ्या कहाणीतला सर्वांत कमी चर्चिला गेलेला निकाल हा आहे.

आता मुख्य गाठ. बेसबॉलमध्ये प्रक्षेपणाचे पैसे दोन वाटांनी येतात. राष्ट्रीय हक्क लीग विकते आणि ते पैसे तीसही क्लबांत समान वाटले जातात. स्थानिक हक्क मात्र प्रत्येक क्लब आपापले विकतो आणि त्यातला मोठा वाटा स्वतःकडे ठेवतो. हंगामातले बहुतेक सामने या दुसऱ्या वाटेने जातात. अमेरिकन फुटबॉलमध्ये असं नाही. तिथे नियमित हंगामाचे सगळे हक्क लीगच विकते. त्यामुळे ‘फुटबॉलवाल्यांना जमतं, यांना का नाही?’ या प्रश्नाचं उत्तर आळशीपणात शोधून सापडत नाही. क्लबांचं अर्थकारणच वेगळं आहे.

स्थानिक हक्क विकायचे तर ‘स्थानिक’ कुठवर, हे ठरवावं लागतं. १९७६ च्या अखेरीस अटलांटाच्या एका वाहिनीने उपग्रहाचा आधार घेतला आणि ब्रेव्हज संघाचे सामने देशभरच्या केबलवर दिसू लागले. वाहिनी आणि क्लब एकाच मालकाचे होते. दोन वर्षांत शिकागोची वाहिनी तिथल्या कब्ज संघाला घेऊन त्याच वाटेने निघाली. दूरच्या माँटाना राज्यातल्या पोराला अटलांटाचा संघ आपला वाटू लागला. चाहत्यांना हे हवंच होतं, इतर क्लबांना नको होतं. १९८० च्या दशकाच्या सुरुवातीला लीगने देशाचा नकाशा वाटून टाकला. प्रत्येक भाग एका किंवा अनेक क्लबांच्या मालकीचा. आजच्या नकाशात कॅनडा अख्खा टोरांटोला.

हा नकाशा लोकांनी कोणता सामना बघावा याच्या हिशेबाने काढलेला नव्हता. तो कोणी कुठे काय विकावं याचा होता. म्हणून त्यात आयोवा राज्यासारख्या गमती झाल्या. आयोवात मेजर लीगचा एकही संघ नाही, पण कब्ज, व्हाइट सॉक्स, कार्डिनल्स, रॉयल्स, ट्विन्स आणि ब्रूअर्स अशा सहा संघांचा त्यावर हक्क. लास वेगासची तीच कथा, तिथेही सहा. आयोवाची राजधानी डे मॉइनहून सर्वांत जवळचं मैदान गाठायलाही गाडीने तीन तास लागतात.

केबलच्या काळात हे फार टोचलं नाही. खटका उडाला तो इंटरनेट आल्यावर. ऑगस्ट २००२ मध्ये न्यूयॉर्कच्या यँकीज आणि टेक्ससच्या रेंजर्सचा सामना लीगने वेबवर दाखवला, सुमारे ३० हजार लोकांनी पाहिला. पुढच्या हंगामापासून एमएलबी.टीव्ही हे सबस्क्रिप्शन सुरू झालं. त्या काळात जगातल्या कुठल्याही खेळाकडे एवढी चांगली सेवा नव्हती; ते तंत्रज्ञान पुढे डिस्नेने अब्जावधी डॉलर मोजून विकत घेतलं. अट एकच: आपण ज्या क्लबच्या इलाख्यात राहतो त्याचा सामना थेट दिसणार नाही. पडदा काळा. त्याचं नाव ब्लॅकआउट. लंडनमध्ये राहणारा यँकीजचा चाहता सामना निवांत बघणार आणि न्यूयॉर्कच्याच ब्रुकलिनमधला नाही. आयोवातल्या माणसाने पूर्ण पैसे भरायचे आणि रोजच्या पंधरापैकी पाच-सहा सामने विसरायचे.

यामागे कारण होतं, आणि ते निव्वळ हावरटपणाचं नव्हतं. प्रादेशिक क्रीडावाहिनीला केबल कंपनीकडून घरटी महिन्याला ठरलेली रक्कम मिळे. बेसबॉल कधीही न बघणारी आजीसुद्धा आपल्या बिलातून ती भरत होती. हा पैसा टिकायचा तर सामना केबलशिवाय कुठेही मिळता कामा नये. वाहिनी क्लबला जे पैसे देई, ते या खात्रीचे.

२०१२ मध्ये काही ग्राहकांनी लीग, काही क्लब आणि मोठ्या केबल व उपग्रह कंपन्यांवर सामूहिक दावा लावला. म्हणणं सरळ होतं. तीस स्वतंत्र धंदे देश वाटून घेतात आणि एकमेकांच्या इलाख्यात माल विकत नाहीत. दुसऱ्या कुठल्याही व्यवसायात याला बाजारपेठेची बेकायदा वाटणी म्हटलं असतं. लीगची ढाल जुनी होती. १९२२ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने बेसबॉलला मक्तेदारीविरोधी कायद्यातून सूट दिली होती, तेव्हा टीव्हीचा पत्ताही नव्हता. ऑगस्ट २०१४ मध्ये न्यूयॉर्कच्या संघीय न्यायाधीशांनी दावा सुनावणीआधीच निकाली काढायला नकार दिला आणि स्पष्ट केलं की ती जुनी सूट प्रक्षेपणाच्या इलाख्यांना लागू होत नाही. लीगच्या वकिलांना हा धक्का होता. इलाखे नसतील तर क्लब एकमेकांचे भाव पाडतील, छोटे क्लब मरतील आणि सगळ्या सामन्यांचं एकत्र पॅकेजच उरणार नाही, असा बचाव त्यांनी मांडला. मे २०१५ मध्ये चित्र थोडं लीगकडे झुकलं: ग्राहकांना एकत्रितपणे नियम बदलून मागता येईल, नुकसानभरपाई नाही.

सुनावणी जानेवारी २०१६ मध्ये सुरू व्हायची होती. ती झालीच नाही, ऐन वेळी तडजोड झाली. संपूर्ण पॅकेज १२९.९९ डॉलरवरून १०९.९९ वर आलं आणि एकाच संघाचे सामने ८४.९९ डॉलरला वेगळे मिळू लागले. बातम्यांत हा चाहत्यांचा विजय म्हणून गाजला. पण फायदा कुणाला झाला? संघापासून हजार मैलांवर राहणाऱ्याला. मैदानापासून दहा मैलांवरचा माणूस, ज्याची तक्रार मुळात जास्त खरी होती, तो होता तिथेच राहिला. इलाख्यांची पद्धत कायदेशीर की बेकायदा याचा निवाडा कोणीच दिला नाही. पुढची दहा वर्षं जो गोंधळ चालला तो या न दिलेल्या निकालाचा आहे, असं मी मानतो. लीगच्या बाजूने एवढं म्हणता येईल की क्लबांचे वाहिन्यांशी झालेले दीर्घ करार तिला एका फटक्यात रद्द करता येण्यासारखे नव्हते.

स्ट्रीमिंगशिवायही एक्सक्लुझिव्ह करार काय करू शकतो ते लॉस एंजेलिसने त्याच काळात पाहिलं. डॉजर्सने एका केबल कंपनीशी २५ वर्षांचा ८.३५ अब्ज डॉलरचा करार केला. २०१४ पासून सामने नव्या वाहिनीवर गेले, आणि इतर केबल-उपग्रह कंपन्यांनी तिचा दर परवडत नाही म्हणून ती घ्यायला नकार दिला. शहरातल्या बहुसंख्य घरांत संघ दिसेनासा झाला. ६७ हंगाम त्या संघाचं समालोचन करणारा आवाज २०१६ मध्ये निवृत्त झाला; त्याची शेवटची तीन वर्षं त्याच्याच शहराला नीट ऐकता आली नाहीत. मोठ्या उपग्रह कंपनीशी समेट व्हायला एप्रिल २०२० उजाडला. तेव्हा मैदानंच बंद होती.

मग नव्या कंपन्या आल्या. २०१८ मध्ये फेसबुकला आठवड्याच्या मधल्या दुपारचे २५ सामने एकट्याने दाखवायचा हक्क मिळाला. स्थानिक वाहिनी बंद, एमएलबी.टीव्हीवरही नाही. पुढे काही सामने यूट्यूबकडे गेले. २०२२ मध्ये ॲपलने शुक्रवारचे दोन सामने घेतले, पीकॉकने रविवार सकाळचे. न्यूयॉर्कमध्ये यँकीजचे २१ सामने फुकट वाहिनीवरून ॲमेझॉनकडे गेले, हे वेगळंच प्रकरण, कारण ते क्लबच्या स्थानिक हक्कांतले होते. ॲपलच्या सामन्यांना इलाखा नव्हता. आयोवातल्या माणसाला त्या रात्री ब्लॅकआउट नाही. पण वर्षभर केबलचे पैसे भरणाऱ्याला आपले नेहमीचे समालोचक नाहीत, आणि नवं ॲप उघडावं लागतं.

हा पेच टोकाला गेला २३ सप्टेंबर २०२२ रोजी. यँकीजचा एक फलंदाज ६० होमरनवर, म्हणजे सीमेपार टोलवलेल्या ६० फटक्यांवर होता. मेजर लीगच्या दोन गटांपैकी अमेरिकन लीगचा एका हंगामातला ६१ चा विक्रम १९६१ पासून टिकलेला. त्या शुक्रवारचा सामना ॲपलकडे. न्यूयॉर्क राज्याच्या महाधिवक्त्यांनी सामना क्लबच्या केबल वाहिनीलाही द्यावा अशी जाहीर मागणी केली. मजा अशी की त्या वर्षी ॲपलचे सामने सबस्क्रिप्शनशिवाय दिसत होते, आणि केबल वाहिनी पैसे भरल्याशिवाय कधीच दिसत नव्हती. तरी लोकभावना केबलच्या बाजूने. ॲपल मागे हटलं नाही. त्या रात्री होमरन झालाच नाही. ६१ वा पाच दिवसांनी टोरांटोत आला. त्याच शुक्रवारी लॉस एंजेलिसमध्ये दुसऱ्या एका दिग्गजाने कारकिर्दीतला ६९९ वा आणि ७०० वा होमरन मारला. तोही सामना ॲपलवरच होता.

पुढच्या वर्षी मूळ बांधकामच ढासळलं. लोक केबल तोडत होते, घरटी पैसा आटत होता. सर्वांत जास्त प्रादेशिक क्रीडावाहिन्या चालवणाऱ्या कंपनीने मार्च २०२३ मध्ये दिवाळखोरीचा अर्ज केला. ३१ मे रोजी सॅन दिएगोच्या पाद्रेसचे सामने लीगने स्वतःच्या हाती घेतले आणि स्थानिक प्रेक्षकालाही १९.९९ डॉलर महिना दराने इंटरनेटवर खुले केले. पोच ११ लाख घरांवरून ३२ लाखांवर गेली, असं लीगने सांगितलं. वाहिनीकडून मिळायच्या रकमेच्या ८० टक्क्यांपर्यंतची हमीही त्या हंगामापुरती लीगने क्लबला दिली. ॲरिझोना, कोलोरॅडो, मिनेसोटा, क्लीव्हलँड त्याच वाटेने आले. न्यायालयात जे झालं नव्हतं ते दिवाळखोरीने करून दाखवलं. आयोवातल्या चाहत्याचा काळा पडदा बराचसा गेला, त्याच्या जागी बिलं आली.

राष्ट्रीय करारांचं गणितही विस्कटलं. रविवार सकाळचे सामने पीकॉकने बातम्यांनुसार वर्षाला ३ कोटी डॉलरला घेतले होते. २०२४ मध्ये रोकू या स्ट्रीमिंग कंपनीने ते सुमारे १ कोटीला घेतले. फेब्रुवारी २०२५ मध्ये ईएसपीएनने वर्षाला ५५ कोटी डॉलरच्या करारातून बाहेर पडायचं ठरवलं, आणि नोव्हेंबरमध्ये परत आलं ते वेगळा माल घेऊन: खुद्द एमएलबी.टीव्हीची विक्री. रविवारची रात्र एनबीसीला गेली, हंगामाचा पहिला सामना नेटफ्लिक्सला. या घाईला कारण आहे. हे सगळे करार २०२८ मध्येच संपावेत, अशी मांडणी लीगने मुद्दाम केली आहे. तेव्हा तीसही क्लबांचे स्थानिक हक्क गोळा करून एकत्र विकायचे, असं आयुक्त उघडपणे सांगतात.

छोट्या क्लबांना ते हवंय. यँकीज, रेड सॉक्स, कब्ज यांची स्वतःच्या वाहिन्यांत मालकी आहे आणि त्यांना आपला पैसा वाटून द्यायची घाई नाही. खेळाडू संघटनेशी असलेला करार १ डिसेंबर २०२६ रोजी संपतोय, तोही याच ताणात अडकलाय. डॉजर्सचा २५ वर्षांचा करार २०३८ पर्यंत चालू आहे.