बर्फाला शंभर शब्द? नाही!

‘एस्किमोंच्या भाषेत बर्फाला शंभर शब्द आहेत’ हे आपण शाळेपासून ऐकत आलोय. ते खरं नाही. मानववंशशास्त्रज्ञ फ्रांझ बोआस यांनी १९११ मध्ये हिमासाठी चारच शब्द दिले होते. जमिनीवर साचलेलं हिम ‘अपुत’, पडत असलेलं ‘काना’, आणि आणखी दोन. पुढे सांगोवांगी आकडा फुगत गेला. १९८४ मध्ये न्यूयॉर्क टाइम्सच्या अग्रलेखात तो शंभरावर पोचला.

इनुइट लोकांच्या भाषांत (एस्किमो हे आपण त्यांना दिलेलं नाव त्यांतल्या अनेकांना अपमानास्पद वाटतं) एका धातूला प्रत्ययांची माळ जोडून अख्खं वाक्य एका शब्दात बसतं. त्या हिशेबाने ‘घरा’चेही हजारो शब्द निघतील!

मला खरी चुटपुट लागते ती वेगळीच. या आकड्यापायी त्यांचं खरं ज्ञान झाकलं जातं. समुद्रावरच्या नव्या बर्फावर पाऊल टाकण्याआधी शिकारी ‘उनाक’ नावाचा भाल्यासारखा दांडा जोरात आपटतो. एका ठोक्यात टोक आरपार गेलं, की माघारी फिरायचं. आता तापमानवाढीमुळे हा बर्फ उशिरा धरतो, लवकर फुटतो. कॅनडाच्या उत्तरेकडल्या बॅफिन बेटावर ‘उग्गियानाक्तुक’ असा एक शब्द आहे. जिवाभावाचा माणूस अचानक अनोळख्यासारखा वागू लागला, की तो वापरतात. तिथले वडीलधारे हल्ली हवामानालाही तोच शब्द लावतात.